नगरसेवक ते आमदार : पहिल्यांदाच निघालेल्यांसाठी वाटेची माहिती

जानेवारी २०२६ मध्ये राज्यातल्या २९ महापालिकांसाठी मतदान झालं आणि शहरांना एकदाचे नगरसेवक मिळाले. त्याआधी बहुतेक ठिकाणी २०२२ पासून प्रशासकच कारभार पाहत होते, त्यामुळे सभागृहात पहिल्यांदा पाऊल ठेवणारे यंदा खूप आहेत. त्यांतल्या काहींच्या मनात विधानसभेचा विचार आत्ताच येऊन गेला असेल, आणि त्यात लाजण्यासारखं काही नाही. सध्याची विधानसभा नोव्हेंबर २०२४ मध्ये निवडून आली. तिने पाच वर्षं पूर्ण केली तर पुढची निवडणूक २०२९ च्या अखेरीस. म्हणजे हातात चार वर्षंसुद्धा नाहीत.

मी स्वतः कधी निवडणुकीला उभा राहिलो नाही. पुण्यात वेगवेगळ्या उमेदवारांसाठी मतदार यादी, बूथ आणि उमेदवारी अर्ज ही तीन कामं मात्र वर्षानुवर्षं करत आलो. महापालिकेत चांगलं काम केलेली माणसं विधानसभेला कशामुळे अडकतात, ते फार जवळून पाहिलं आहे. म्हणून हे लिहितो.

या वाटेने अनेक जण गेले आहेत. मनोहर जोशी १९६८ मध्ये मुंबईचे नगरसेवक झाले, पुढे महापौर आणि १९९५ मध्ये मुख्यमंत्री. देवेंद्र फडणवीस १९९२ मध्ये नागपूरचे नगरसेवक, १९९७ मध्ये महापौर, १९९९ मध्ये आमदार. एकनाथ शिंदे १९९७ मध्ये ठाण्याचे नगरसेवक आणि २००४ मध्ये आमदार. ग्रामीण भागात हीच वाट जिल्हा परिषदेतून जाते. आर. आर. पाटील १९७९ मध्ये सांगली जिल्हा परिषदेवर गेले आणि १९९० मध्ये तासगावचे आमदार झाले. यांतल्या शेवटच्या तिघांच्या तारखा पाहा. पहिल्या पदापासून आमदारकीपर्यंत सात ते अकरा वर्षं गेली आहेत. तुम्ही पहिल्याच टर्ममध्ये असाल आणि २०२९ जमलं नाही, तर काही बिघडत नाही.

आधी नकाशा आणि यादी

पुणे महापालिकेत १६५ नगरसेवक आहेत आणि शहरात विधानसभेचे आठ मतदारसंघ. सरासरी काढली तर एका मतदारसंघात वीस नगरसेवक बसतात. मुंबईत २२७ प्रभाग आणि ३६ मतदारसंघ, म्हणजे एकात साधारण सहा. पुण्यात तुम्ही चार जणांच्या प्रभागातून निवडून आला असाल तर मतदारसंघाचा पाचवा हिस्सा तुम्हाला ओळखतो, आणि तोही इतर तिघांमध्ये वाटलेला. उरलेल्या चार हिश्श्यांत तुमचं नाव फ्लेक्सवर वाचलेलं असेल तर असेल.

पहिलं काम म्हणजे प्रभागाची हद्द आणि विधानसभेची हद्द एका नकाशावर एकमेकींवर ठेवून पाहणं. दोन्ही जुळतातच असं नाही. प्रभागरचना दर वेळी बदलते, विधानसभेचे मतदारसंघ मात्र २००८ च्या पुनर्रचनेपासून तेच आहेत. अनेक प्रभाग दोन मतदारसंघांत कापले गेलेत. ज्या गल्लीने तुम्हाला भरभरून मतं दिली ती कदाचित शेजारच्या मतदारसंघात असेल. हे कळायला निवडणुकीची वाट पाहू नका. नवी जनगणना होऊन मतदारसंघांची पुनर्रचना झाली तर हा नकाशा बदलेल, तेव्हा त्या बातम्यांकडेही लक्ष असू द्या.

दुसरं काम यादी. महापालिकेची वेगळी मतदार यादी नसते. राज्य निवडणूक आयोग ठरावीक तारखेची विधानसभेची यादी घेतो आणि ती प्रभागांनुसार फोडतो. यंदा ती तारीख १ जुलै २०२५ होती. त्यामुळे तुमच्याकडच्या प्रभाग यादीतले क्रमांक विधानसभेच्या यादीत चालत नाहीत. प्रत्येक नाव 'यादी भाग क्रमांक' आणि त्यातला अनुक्रमांक असं पुन्हा लावून घ्यावं लागतं. एकाच सोसायटीची ए विंग एका भागात आणि बी विंग दुसऱ्या भागात निघते, नवरा-बायकोची मतदान केंद्रं वेगळी निघतात. कंटाळवाणं काम आहे, पण ते एकदा स्वतः बसून करा. पगारी मुलाकडून करून घेतलेली यादी आणि स्वतः रेघा मारलेली यादी यांत फार फरक असतो. रेघा मारताना घरं डोळ्यांसमोर येतात.

यादीबरोबर नमुना २० मिळवा. मागच्या विधानसभेला कोणत्या मतदान केंद्रावर कोणाला किती मतं पडली, याचा हा अधिकृत तक्ता. मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांच्या संकेतस्थळावर तो असतो. शहरी मतदारसंघात अडीचशे-तीनशे केंद्रं असतात, त्यामुळे तक्ता पाहून घाबरायला होतं. मी त्यात तीन रंग करतो: आपला पक्ष गेल्या दोन्ही वेळा पुढे असलेली केंद्रं, दोन्ही वेळा मागे असलेली आणि पारडं फिरलेली. पुढची साडेतीन वर्षं तुमचा वेळ बहुतेक करून या तिसऱ्या रंगात गेला पाहिजे. नवीन नाव नोंदवायला अर्ज क्रमांक ६, नाव वगळायला ७, पत्ता किंवा दुरुस्तीसाठी ८. नोंदणीसाठी आता वर्षातून चार अर्हता तारखा (ज्या दिवशी अठरा वर्षं पूर्ण झालेली लागतात त्या तारखा) असतात: १ जानेवारी, १ एप्रिल, १ जुलै आणि १ ऑक्टोबर. मुलगी अठरा वर्षांची झाली की तिचा अर्ज भरून द्यायला जो घरी येतो, तो त्या घराला लक्षात राहतो.

पक्षातले बाकीचे नगरसेवक

नवीन माणसं या मुद्द्यावरून घाईने पुढे जातात. माझ्या मते सगळ्यात जास्त वेळ द्यायची जागा हीच आहे.

तुमच्या मतदारसंघात तुमच्याच पक्षाचे समजा दहा नगरसेवक आहेत. प्रत्येकाला आमदार व्हायचंय असं नाही, पण तीन-चार जणांना नक्की व्हायचंय. आणि उमेदवारी कोणालाही मिळो, त्या माणसाला निवडून आणायचं की नाही हे उरलेल्या नऊ जणांच्या हातात असतं. विरोधी पक्षाचा उमेदवार तुमच्या विरोधात उघड प्रचार करतो, त्याची तयारी तरी करता येते. आपल्याच पक्षाचा नगरसेवक मतदानाच्या दिवशी दुपारी दोननंतर बूथवरून घरी जेवायला गेला आणि परत आलाच नाही, तर त्यावर कुठलाच इलाज नसतो. मी एकदा मतमोजणीनंतर नमुना २० समोर ठेवून असे दोन प्रभाग अगदी केंद्रनिहाय पाहिले. दोन्हीकडे महापालिकेला आमच्याच पक्षाचे नगरसेवक भरघोस मतांनी आले होते. विधानसभेला तिथंच आम्ही मागे होतो. भांडण वगैरे काही झालं नव्हतं. अडीच वर्षांत आमच्या उमेदवाराने त्या दोघांच्या घरी एकदाही पाऊल टाकलं नव्हतं, एवढंच.

तेव्हा आजपासून काही गोष्टी पाळा. दुसऱ्याच्या प्रभागात जायचं तर आधी त्या नगरसेवकाला फोन करून जा. कोणाचं काम घेऊन नागरिक तुमच्याकडे आले तर काम करून द्या, पण संबंधित नगरसेवकाला सांगून, शक्य तर त्याच्याच हातून. त्यांच्या चौकात तुमचा वाढदिवसाचा फ्लेक्स लावू नका. सर्वसाधारण सभेत एखाद्या सहकाऱ्याचा विषय मागे पडत असेल तर उभे राहा आणि त्याच्या बाजूने बोला. सभागृहातली ती दोन मिनिटं माणसं वर्षानुवर्षं विसरत नाहीत. सुरुवात आपल्याच प्रभागातल्या तिघांपासून करा. तेच मतदार, तीच क्षेत्रीय कार्यालयाची फेरी, आणि 'स' यादीतल्या (नगरसेवकांनी सुचवलेल्या कामांच्या) बोर्डावर कोणाचं नाव वर यावरून होणारी धुसफूस. तो बोर्ड सोडून द्या, वर त्यांचं नाव येऊ द्या.

आणखी एक. तुमच्या पक्षाचे जे उमेदवार महापालिकेला पडले, त्यांच्या घरी जा. पडलेल्या माणसाकडे निकालानंतर आठवड्याभरात कोणी फिरकत नाही. त्याच्याकडे बूथवर बसणारी माणसं असतात, घरोघरची ओळख असते, आणि हातात पद नसल्यामुळे वेळही असतो. तुम्ही विचारलंत तर तो तुमच्यासाठी त्या भागात राबेल.

तुम्ही विधानसभेला गेलात तर तुमची महापालिकेची जागा कोणाला, हा प्रश्न सहकारी आणि कार्यकर्ते तुम्हाला विचारणार नाहीत, पण त्यांच्या मनात तो पहिल्या दिवसापासून असतो. माझा स्पष्ट सल्ला असा की ती जागा घरात ठेवू नका. पत्नीला किंवा मुलाला ती मिळणार हे एकदा दिसलं, की दहा वर्षं तुमच्यामागे फिरलेला कार्यकर्ता बूथवर उभा राहील, पण मनापासून उभा राहणार नाही.

वाड्याच्या दारात उत्तर देता आलं पाहिजे

नगरसेवकाच्या कामाची भाषा ड्रेनेज, पाण्याची वेळ, कचऱ्याची गाडी आणि रस्त्याची खोदाई ही असते. कनिष्ठ अभियंत्याला फोन लावला, मुकादमाला गाठलं, काम झालं. आमदाराकडे लोक वेगळे प्रश्न घेऊन येतात, आणि तिथं फोन लावून भागत नाही.

मध्य पुण्यातल्या एका वाड्यातला प्रसंग सांगतो. लाकडी जिना, धरायला दोरी, दोन मजल्यांवर सात भाडेकरू. प्रचारफेरीत आमचे उमेदवार वर गेले. दारात उभ्या असलेल्या एका आजोबांनी विचारलं, "आमचा वाडा कधी उभा राहायचा?" उमेदवार म्हणाले, "मी महापालिकेत बोलतो." आजोबा शांतपणे म्हणाले, "महापालिकेत तर तुम्ही पाच वर्षं होतात." त्यावर कोणालाच काही बोलता आलं नाही. आम्ही जिना उतरलो.

त्या एका प्रश्नाची उत्तरं तीन ठिकाणी आहेत. मालक आणि भाडेकरू यांचं नातं ठरतं १९९९ च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याने, म्हणजे विधिमंडळात. किती चटईक्षेत्र मिळणार हे ठरतं डिसेंबर २०२० मध्ये लागू झालेल्या एकत्रित विकास नियंत्रण नियमावलीने, म्हणजे राज्याच्या नगरविकास खात्यात. आणि वाडा शनिवारवाड्यापासून १०० मीटरच्या आत असेल तर तिथं नव्या बांधकामाला केंद्राच्या पुरातत्त्व कायद्याची मनाई आहे, पुढच्या २०० मीटरमध्ये परवानगी लागते. तो कायदा बदलायचा तर संसदेत. महापालिका यांतला एकही नियम स्वतः बदलू शकत नाही. हे त्या दारात उभं राहून दोन वाक्यांत सांगता आलं असतं आणि "यातलं दुसरं काम मी विधानसभेत लावून धरीन" असं म्हणता आलं असतं, तर आजोबांनी निदान बसायला सांगितलं असतं.

म्हणून आपल्या भागातले पाच-सहा मोठे प्रश्न घ्या आणि प्रत्येकासमोर लिहा: निर्णय कोणाच्या हातात, कोणत्या कायद्याखाली, आजवर काय झालं. पुण्यातल्या मिळकतकराचं उदाहरण अभ्यासण्यासारखं आहे. स्वतः राहत असलेल्या घरांना १९७० पासून मिळणारी ४० टक्के सवलत लेखापरीक्षणातल्या आक्षेपानंतर थांबली. नगरसेवक सभागृहात कितीही ओरडले तरी ती परत आली २०२३ मध्ये, राज्य मंत्रिमंडळाच्या निर्णयाने. पैसे महापालिकेच्या तिजोरीतले, निर्णय मात्र मंत्रालयातला. असे विषय प्रत्येक शहरात आहेत. ते ज्याला कागदासकट माहीत आहेत त्याच्याकडे लोक आमदार म्हणून पाहायला लागतात.

विधिमंडळाची हत्यारंही आत्ताच ओळखून घ्या. तारांकित प्रश्न (मंत्र्याने सभागृहात तोंडी उत्तर द्यायचा), लक्षवेधी सूचना (तातडीच्या विषयाकडे मंत्र्याचं लक्ष वेधणारी), औचित्याचा मुद्दा, अर्थसंकल्पावरच्या कपात सूचना (खात्याच्या मागणीत कपात सुचवणाऱ्या), अशासकीय विधेयक (मंत्री नसलेल्या सदस्याने मांडलेलं). अधिवेशनं वर्षाला साधारण तीन होतात, त्यांतलं हिवाळी बहुधा नागपूरला. एखाद्या अधिवेशनाचं कामकाज प्रेक्षक गॅलरीत बसून पाहा, आणि आत्ताच्या आमदारांना आपल्या भागाचा एखादा प्रश्न नीट लिहून द्या. ते विरोधी पक्षाचे असले तरी द्या. प्रश्न कसा मांडला की मंत्र्याला गुळमुळीत उत्तर देऊन सुटता येत नाही, हे असं लिहूनच कळतं. जिल्हा नियोजन समितीवर महापालिकेतून सदस्य निवडून जातात. ती संधी आली तर सोडू नका. राज्याचा पैसा जिल्ह्यात कसा उतरतो ते तिथं दिसतं. आमदाराचा स्थानिक विकास निधी वर्षाला पाच कोटी आहे आणि तोही जिल्हाधिकाऱ्यांमार्फत खर्च होतो. आपल्या हाताने धनादेश देता येत नाही.

कसब्याकडे एकदा नीट पाहा

पुण्याचा कसबा पेठ मतदारसंघ नवीन माणसाने वहीत लिहून ठेवावा असा आहे. गिरीश बापट नगरसेवक होते. १९९५ पासून सलग पाच वेळा ते इथून आमदार झाले आणि २०१९ मध्ये खासदार. त्याच वर्षी मुक्ता टिळक पुण्याच्या महापौर असतानाच इथून विधानसभेवर गेल्या. डिसेंबर २०२२ मध्ये त्यांचं निधन झालं आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये पोटनिवडणूक झाली. भाजपचे हेमंत रासने महापालिकेच्या स्थायी समितीचे माजी अध्यक्ष, तर काँग्रेसचे रवींद्र धंगेकर अनेक वर्षांचे नगरसेवक. धंगेकर याआधी २००९ आणि २०१४ मध्ये मनसेकडून इथंच लढून हरले होते. या वेळी ते सुमारे ११ हजार मतांनी जिंकले. पुढे नोव्हेंबर २०२४ मध्ये रासने पुन्हा उभे राहिले आणि धंगेकरांना साधारण १९ हजारांनी हरवून आमदार झाले.

तीस वर्षांत इथून जे कोणी आमदार झाले ते सगळे महापालिकेतून आलेले. आणि शेवटच्या दोघांनीही आधी याच मतदारसंघात पराभव पाहिला. धंगेकर दोनदा हरून नऊ वर्षांनी परत आले, रासने एकवीस महिन्यांनी. हरल्यावर मतदारसंघ सोडायचा नाही, एवढं तरी यातून घ्या.

उमेदवारी

पक्ष सर्वेक्षणं करतो, निरीक्षक पाठवतो, मुलाखती घेतो, आणि शेवटी निर्णय वर होतो. यात तुमच्या हातात असलेल्या गोष्टी थोड्या आहेत. पहिली, सर्वेक्षण करणारा चहाच्या टपरीवर विचारतो, त्यामुळे नाव तुमच्या प्रभागाबाहेरच्या टपरीवर घेतलं गेलं पाहिजे. दुसरी, युतीत किंवा आघाडीत ही जागा मुळात तुमच्या पक्षाकडे येते का, हे दोन वर्षं आधी विचारून ठेवा. जागाच मित्रपक्षाला गेल्यामुळे सगळी तयारी पाण्यात गेलेली माणसं मी पाहिली आहेत.

उमेदवारी नाही मिळाली तर बंडखोरी करायची का? तो निर्णय तुमचा. पण एक कायदा माहीत असू द्या. महाराष्ट्र स्थानिक प्राधिकरण सदस्य अनर्हता अधिनियम, १९८६ हा नगरसेवकांचा पक्षांतरबंदी कायदा आहे. ज्या पक्षाच्या चिन्हावर नगरसेवक झालात तो सोडून दुसऱ्या पक्षाकडून विधानसभा लढवली, तर नगरसेवकपदही जाऊ शकतं. रात्री दोन वाजता दुसऱ्या पक्षाचा ए-बी फॉर्म (पक्षाच्या अधिकृत उमेदवारीचा कागद) हातात घेण्याआधी वकिलाशी बोला.

आरक्षणाचा फरकही लक्षात घ्या. महापालिकेत ओबीसींसाठी जागा राखीव असतात, निम्म्या जागा महिलांच्या असतात. विधानसभेत २८८ पैकी २९ जागा अनुसूचित जातींसाठी आणि २५ अनुसूचित जमातींसाठी राखीव आहेत, ओबीसी आरक्षण नाही. महिलांसाठी एक तृतीयांश जागांची घटनादुरुस्ती २०२३ मध्ये झाली, पण ती जनगणना आणि मतदारसंघांच्या पुनर्रचनेशी बांधलेली आहे. २०२४ मध्ये २८८ जणांत २१ महिला निवडून आल्या. महापालिकेत निम्म्या, विधानसभेत इतक्या कमी. ही दरी मला फार बोचते, कारण मी कामात तरबेज अशा कितीतरी नगरसेविका पाहिल्या आहेत. ताई, तुम्ही हे वाचत असाल तर आजपासून तीन गोष्टी करा: नागरिकांकडे असलेला फोन नंबर तुमचा असू द्या, घरातल्या कोणाचा नको. सभागृहात स्वतः उठून बोला, कागद पाहून वाचलंत तरी चालेल. आणि पक्षाच्या बैठकीला 'साहेब येतील' असा निरोप पाठवू नका, स्वतः जा.

कागद

अर्ज भरायला साधारण आठवडा मिळतो, त्यात सुट्ट्या येतात. म्हणून कागदांची फाईल सहा महिने आधी तयार हवी.

विधानसभेसाठी वय २५ पूर्ण लागतं (नगरसेवकाला २१ चालतं). नाव महाराष्ट्रातल्या कोणत्याही मतदारसंघाच्या यादीत असलं तरी चालतं, पण ते दुसऱ्या मतदारसंघात असेल तर त्या यादीची प्रमाणित प्रत अर्जासोबत किंवा उशिरात उशिरा छाननीच्या वेळी द्यावीच लागते. एका नगरसेविकेचं घर रस्त्याच्या अलीकडे होतं आणि मतदारसंघाची हद्द त्या रस्त्याच्या मधून. पंधरा वर्षं ज्या भागात काम केलं तिथल्या यादीत त्यांचं स्वतःचं नावच नव्हतं. हे कळलं अर्ज भरताना, दुपारी. छाननीच्या सकाळी प्रत हातात पडली तेव्हा आमच्या जिवात जीव आला.

मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवाराला एक सूचक पुरतो, अपक्षाला दहा लागतात, आणि सूचक त्याच मतदारसंघातले मतदार असावे लागतात. अर्जाच्या चारपर्यंत प्रती भरता येतात. चारही भरा, वेगवेगळे सूचक घेऊन. अनामत १०,००० रुपये, अनुसूचित जाती-जमातींच्या उमेदवारांना ५,०००. वैध मतांच्या एक षष्ठांशाहून जास्त मतं मिळाली नाहीत तर ती जप्त होते. पक्षाचे ए आणि बी फॉर्म शेवटच्या दिवशी दुपारी तीनच्या आत निवडणूक निर्णय अधिकाऱ्यांच्या टेबलावर हवेत.

सगळ्यात जास्त चुका होतात त्या नमुना २६ च्या शपथपत्रात. एकही रकाना कोरा ठेवायचा नाही. काही नसेल तिथं 'निरंक' किंवा 'लागू नाही' असं लिहायचं. कोरा रकाना दाखवून दिल्यावरही भरला नाही, तर अर्ज बाद होऊ शकतो. स्वतःची, जोडीदाराची आणि अवलंबितांची मालमत्ता, कर्ज, पाच वर्षांच्या विवरणपत्रांतलं उत्पन्न, सगळं येतं. आणि गुन्हे. नगरसेवकांवर आंदोलनातले गुन्हे असतात: रास्ता रोको, जमावबंदी मोडली, अधिकाऱ्याला घेराव घातला. कार्यकर्त्याला ते आठवतही नाहीत. पोलीस ठाण्यातून आणि न्यायालयातून आधीच यादी मागवा. प्रलंबित गुन्हे असतील तर ते वर्तमानपत्रात आणि टीव्हीवर प्रचाराच्या काळात तीन वेळा प्रसिद्ध करावे लागतात, त्याचा खर्च आणि तारखा आधीच धरा. अर्ज दिल्यानंतर, छाननीच्या दिवसाच्या आधी, शपथ घ्यायची असते. मिरवणुकीच्या गडबडीत ती राहते. एका माणसाला फक्त ही आठवण करायचं काम द्या.

पैसा

खर्चाची मर्यादा ४० लाख रुपये. अर्ज भरण्याच्या निदान एक दिवस आधी निवडणुकीसाठी स्वतंत्र बँक खातं उघडायचं आणि सगळा खर्च त्यातून करायचा. रोख देण्याची मर्यादा संपूर्ण निवडणुकीत एका व्यक्तीला किंवा संस्थेला १० हजार. मंडपवाला, रिक्षावाले, वडापाववाला, सगळ्यांची बिलं घ्या, कारण खर्च निरीक्षकांची माणसं तुमची सभा चित्रित करून खुर्च्या मोजतात आणि त्यांची वही वेगळी असते. दोन्ही वह्या जुळल्या नाहीत तर नोटीस येते. हिशेबाला सनदी लेखापालाकडे काम केलेला मुलगा ठेवा. गावातला उत्साही भाचा नको.

उधारी करून निवडणूक लढवू नका, हे कळकळीने सांगतो. हरल्यावर फ्लॅट विकावा लागलेला एक प्रामाणिक माणूस माझ्या ओळखीत आहे. नगरसेवक असताना त्यांनी कोणाकडून पाच पैसे घेतले नव्हते.

मतदानाचा दिवस

प्रत्येक केंद्रावर तुमचा प्रतिनिधी सकाळी मॉक पोलच्या (यंत्र तपासायच्या चाचणी मतदानाच्या) आधी हजर हवा, आणि संध्याकाळी नमुना १७-सी ची (केंद्रावर नोंदलेल्या मतांच्या हिशेबाची) सही-शिक्क्याची प्रत घेतल्याशिवाय त्याने उठायचं नाही. महापालिकेला तुम्ही स्वतः प्रभागातले बूथ फिरून बघत होतात. इथं तीनशे आहेत. दिवसभर फिरलात तरी निम्मे होणार नाहीत. त्या दिवशी तुमच्या वतीने उभे असतील ते वर सांगितलेले नगरसेवक आणि पडलेले उमेदवार.

परिषदेचं दार

विधानसभा हाच एक मार्ग नाही. विधान परिषदेत ७८ जागा आहेत. त्यांतल्या २२ स्थानिक स्वराज्य संस्थांच्या, म्हणजे मतदार तुम्हीच: नगरसेवक, जिल्हा परिषद सदस्य, नगरपालिकांचे सदस्य. सात पदवीधरांच्या आणि सात शिक्षकांच्या. यासाठी वय ३० लागतं आणि मतदान पसंतीक्रमाने होतं. पदवीधर मतदारसंघाची यादी प्रत्येक निवडणुकीआधी नव्याने केली जाते, १ नोव्हेंबरच्या किमान तीन वर्षं आधी पदवी घेतलेल्यांचे अर्ज क्रमांक १८ भरून. म्हणजे तिथं नोंदणी करणाऱ्याचाच अर्धा प्रचार होऊन जातो. सोसायट्यांमध्ये, महाविद्यालयांत, वाचनालयांत ज्यांचं काम आहे त्यांनी या दाराचा जरूर विचार करावा.

निकालानंतर

जिंकलात तर नगरसेवकपद आपोआप जात नाही. मुक्ता टिळक आमदार झाल्या तेव्हा महापौरही होत्या. पण दोन्ही सभागृहांना एका माणसाने न्याय देणं अवघड असतं, तेव्हा प्रभागातलं संपर्क कार्यालय चालू ठेवा आणि तिथं रोज बसणारं माणूस नेमा. आमदार झाल्यावर पहिली तक्रार प्रभागातूनच येते: "आता भेटत नाहीत."

जिंका किंवा हरा, निकालाच्या दिवसापासून ३० दिवसांत खर्चाचा हिशेब जिल्हा निवडणूक अधिकाऱ्यांकडे द्यायचा असतो. हरलेली माणसं हे विसरतात आणि आयोग त्यांना तीन वर्षांसाठी अपात्र ठरवू शकतो. हरल्याच्या दुसऱ्या दिवशी घराबाहेर पडावंसं वाटत नाही, ते मी समजू शकतो. तरी त्या दिवशी दोन कामं करा: बिलांची पिशवी हिशेबाच्या मुलाकडे द्या, आणि तीनशे बूथवर बसलेल्या माणसांना फोन लावायला सुरुवात करा. रोज वीस केलेत तर पंधरा दिवसांत पुरे होतात.